चर्नी रोड ते क्रॉफर्ड मार्केट, पायी: १४ जणांची फेरी कशी आखावी?

पायपीट (धागाकर्ता)

डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात नाशिकच्या एका वाचनालयाचे १४ सभासद मुंबईत येतायत. वयं ४० ते ७०. गेटवे, म्युझियम सगळ्यांचं बघून झालंय. त्यांना बाजार, जुन्या वाड्या आणि खाणं हवंय, तेही पायी. ढोबळ मार्ग असा ठरवलाय: रविवारी सकाळी ८ ला सीएसएमटी, तिथून क्रॉफर्ड मार्केट, मंगलदास, झवेरी बाजार, मुंबादेवी, भुलेश्वर, सी. पी. टँक, आणि शेवट खोताच्या वाडीत. जेवण गिरगावात. अंतर साडेतीन-चार किमी भरतं. कुठे चुकतंय ते सांगा.

गल्लीबोळ

दोनच गोष्टी चुकल्यात, वार आणि दिशा.

वार आधी. रविवारी मंगलदास मार्केट बंद, झवेरी बाजारातही बहुतेक शटरं खाली. म्हणजे तुमच्या फेरीतला मधला अख्खा तुकडा गेला. त्यात रविवारी मेगाब्लॉक. शनिवार घ्या.

आता दिशा. या पट्ट्यातले सगळे बाजार एकाच वेळी जागे होत नाहीत. फुलं, भाजी, देवळं पहाटेपासून. कापड आणि सोनं साडेदहा-अकराशिवाय नाही. सीएसएमटीहून ८ ला निघालात तर सव्वाआठला क्रॉफर्डला पोचाल, आणि नऊ वाजता मंगलदासच्या बंद दारासमोर १४ माणसं घेऊन उभे राहाल. तिथून रेटत रेटत साडेबाराला खोताच्या वाडीत. तेव्हा ऊन डोक्यावर आणि वाडीतली माणसं जेवून आडवी होण्याच्या बेतात. त्या वेळी तिथे १४ जणांनी कुजबुजलं तरी गोंगाट होतो.

म्हणून उलटं चाला. चर्नी रोडला उतरा, नाश्ता गिरगावात, वाड्या सकाळच्या कोवळ्या उन्हात, दहाच्या पुढे भुलेश्वर, अकराला मुंबादेवी, साडेअकराला झवेरी बाजार, बाराला मंगलदास, साडेबाराला क्रॉफर्ड. शेवटी सीएसएमटी पायी दहा मिनिटांवर. प्रत्येक ठिकाणी तुम्ही पोचता तेव्हा ते चालू झालेलं असतं, पण ओसंडून वाहत नसतं.

सीएसएमटीपासून सुरुवात करायचा मोह सगळ्यांनाच होतो, कारण इमारत भव्य आहे आणि फोटो चांगले येतात. ती संध्याकाळी दिव्यांतही तितकीच भव्य दिसते.

कोपऱ्यावरचा

+१. आणि १४ म्हणजे १४च. "माझी मावसबहीण पण येतेय" चालणार नाही.

मुगभजी

खाण्याबद्दल. नवखा आखणारा प्रत्येक थांब्यावर प्रत्येकाला एक प्लेट देतो आणि तिसऱ्या थांब्यावर सगळे कण्हत असतात. पाच थांबे असतील तर कुठेही माणशी अर्ध्या प्लेटच्या वर जायचं नाही. 

नाश्ता कांदेवाडीत, म्हणजे खाडिलकर रोडवर, प्रकाश दुग्ध मंदिरात. किंवा ठाकुरद्वारला फणसवाडीच्या तोंडाशी विनय हेल्थ होम. दोन्हीकडे चौघांची टेबलं. १४ जणांना एकत्र जागा मिळेल हे विसरा. चार गट पाडा (४, ४, ३, ३), प्रत्येक गटाला एक म्होरक्या, आणि ऑर्डर एकदम, एकाच माणसाने सांगायची. नाहीतर एका टेबलाचं खाऊन होतं तेव्हा दुसऱ्याची मिसळ यायची असते.

१४ जणांना पुरेल असा हिशेब:
७ मिसळ, पाव माणशी एक
४ प्लेट साबुदाणा वडा
५ पियूष, तीन जणांत एक

पियूष जास्त मागवू नका. ते श्रीखंड आणि ताकाचं, त्यात साखर, केशर, जायफळ किंवा वेलची. प्यायला पातळ, पोटात जड, आणि जायफळामुळे पुढचा तास पाय ओढत चालतात. मिसळीवर लगेच अख्खा ग्लास प्यायला तर भुलेश्वरच्या गर्दीत ढेकरा द्यायची वेळ येते.

डिसेंबर म्हणजे उंधियूचे दिवस. भुलेश्वर-काळबादेवीच्या फरसाणवाल्यांकडे किलोवर मिळतो. चवीपुरता १४ जणांत एक किलो, बरोबर पुऱ्या. विकत घेताना बघा, सुरती पापडी अख्खी दिसली पाहिजे, मेथीची मुठिया फुटून रस्सा झालेला नको, आणि हिरव्या लसणीचा वास यायला हवा. तळाशी तेलाचा थर असतोच, तो झाऱ्याने निथळून द्यायला सांगा. सांगितलं तर देतात.

शेवट क्रॉफर्डसमोर बादशाहचा फालुदा, दोघांत एक. दुकान १९०५ पासूनचं. पियूष आणि फालुदा यांत चार तासांचं अंतर राहतं तेवढं पुरे. मधे लस्सी-बिस्सी आणू नका.

चाफा

रविवारबद्दल थोडी असहमती. ७० वर्षांची माणसं आहेत. शनिवारी अकरानंतर शेख मेमन स्ट्रीटवर हातगाड्या, टेम्पो, डोक्यावर गठ्ठे घेतलेले हमाल. रविवारी तोच रस्ता मोकळा असतो आणि मान वर करून जुने सज्जे, लाकडी ब्रॅकेट बघता येतात. इतर दिवशी वर बघितलं की खाली धडकलात.

गल्लीबोळ

@चाफा, बरोबर, पण ती वेगळी फेरी झाली. इमारती बघायच्या तर रविवार, बाजार बघायचा तर शनिवार. धागाकर्त्याने बाजार म्हटलंय.

ज्येष्ठांसाठी उपाय गर्दी टाळण्यात नाही, थांबे नीट निवडण्यात आहे. चालताना काही सांगायचं नाही, आणि सांगायला थांबायचं ते १४ माणसं मावतील तिथेच. अशा जागा या मार्गावर मोजक्या आहेत: सेंट तेरेसा चर्चसमोर, सी. पी. टँकच्या सर्कलला, माधवबागेच्या आवारात, पांजरपोळाच्या दारात आत शिरल्यावर, आणि क्रॉफर्ड मार्केटच्या आतल्या कारंज्यापाशी. मुंबादेवीच्या बाहेर मावत नाहीत. तिथलं जे सांगायचं ते पांजरपोळातच सांगून टाका.

हातगाडीबद्दल एक पक्कं लक्षात ठेवा. भरलेल्या गाडीला ब्रेक नसतो. ओढणारा पुढून अंगाच्या जोरावर तोलतो, मागचा ढकलतो, आणि थांबायचं म्हटलं तर दहा-पंधरा पावलं लागतात. मागून "बाजू, बाजू" ऐकू आलं की मागे वळून बघायचं नाही, आधी सरकायचं. सरकायचं ते दुकानाच्या ओट्याच्या बाजूला. रस्त्याच्या मधे उडी मारली तर समोरून दुसरी गाडी असते. अर्धा गट एका बाजूला आणि अर्धा दुसऱ्या बाजूला हे तर अजिबात नको, कारण मग दोन्हीकडचे एकमेकांकडे धावतात.

पुढे एक, शेवटी एक. शेवटच्याला नावं आणि नंबर पाठ हवेत. झेंडा नको. मिटलेली भडक रंगाची छत्री पुरते. चुकलात तर उलटं चालू नका, आहात तिथेच ओट्यावर चढून उभे राहा, शेपटाचा माणूस परत येईल, हे नाश्त्यालाच सांगून ठेवा.

पाणवठा

फेरीला एक सूत्र हवं असेल तर तळी घ्या. हा सगळा भाग बुजलेल्या तळ्यांवर उभा आहे, पण नावं अजून ओली आहेत. सी. पी. टँक म्हणजे कावसजी पटेलांचं तळं, आता नुसतं सर्कल. मुंबादेवीचं देऊळ पूर्वी बोरीबंदराजवळ होतं, किल्ल्याच्या कामासाठी तिथून हललं. नव्या जागीही देवळाशेजारी तलाव होता, तोही बुजला. जवळच्या धोबीतलावचं तेच. पायधुणीचं नाव तर सरळ पाय धुण्यावरून आलंय: मधली खाडी ओलांडून आलं की तिथे पाय धुवायचे.

विहार तलावाचं पाणी नळाने १८६० मध्ये शहरात आलं आणि या तळ्यांची गरज हळूहळू संपली. मग हिवतापाचे डास हे कारण पुढे आलं आणि विहिरी झाकल्या, तळी भरली.

एक मात्र उरलंय. मंगलदासला लागून असलेली जामा मशीद १८०२ साली पूर्ण झाली, ती जुन्या तळ्यावर दगडी कमानी टाकून उभारलेली आहे. खाली अजून पाणी आहे, त्यात मासे आहेत. दारात विचारून आत जायचं, नमाजाची वेळ टाळायची. दुपारी साडेबाराच्या पुढे नकोच, म्हणजे तुमच्या वेळापत्रकात मंगलदासच्या आधी बसवा.

पांजरपोळाचं साल १८३४. १८३२ मध्ये भटकी कुत्री मारण्याच्या सरकारी हुकमावरून मुंबईत दंगल झाली, पारशी लोक रस्त्यावर उतरले. त्यानंतर जमशेटजी जिजीभाई आणि अमीचंद शहा यांनी हा पोळ काढला. भुलेश्वरच्या ऐन गर्दीत अचानक गोठ्याचा वास येतो, तो इथला. मंडळींना आधी काही सांगू नका, वास येऊ द्या.

पायपीट

वा. तळ्यांचं सूत्र घेतलं. कापड बाजारात किती वेळ ठेवावा? गटात नऊ बायका आहेत, सगळ्यांनी आधीच मंगलदासबद्दल विचारलंय.

पन्हा४४

२० मिनिटं. घड्याळ लावून. नाहीतर तुमची फेरी तिथे संपली असं समजा.

२० मिनिटांत खरेदी होत नाही. ज्यांना घ्यायचंय त्यांनी फालुद्यानंतर परत जावं, पाच-सात मिनिटांवरच आहे. त्या वेळात फक्त बाजार चालतो कसा ते दाखवा. तागा उघडताना बघण्यासारखं असतं: दुकानदार गादीवर बसून फळीवर गुंडाळलेला तागा उचलतो आणि एका झटक्यात दोन मीटर कापड गिऱ्हाइकाच्या मांडीपर्यंत येतं. मग मीटरची लोखंडी पट्टी, एक छोटा काप कात्रीने, आणि पुढचं हाताने टर्रकन फाडतात. सुती कापड सरळ रेषेत फाटतं म्हणून. जिथे शेवटपर्यंत कात्रीच चालवतात तिथे कापडात सूत किती ते एकदा विचारा.

फसगत होते ती पन्ह्यात, म्हणजे कापडाच्या रुंदीत. भाव मीटरचा सांगतात, पन्हा विचारल्याशिवाय कळत नाही. ३६ इंची पन्ह्याचं १२० रुपये मीटर आणि ४४ इंचीचं १४० असेल तर दुसरं स्वस्त पडतं. ४४ पन्ह्यात साधा कुर्ता अडीच मीटरमध्ये बसतो, ३६ मध्ये तीनच्या पुढे जातो. ब्लाऊजपीसला ८० सेंटिमीटर ते एक मीटर. कोरं सुती कापड पहिल्या धुण्यात आटतं, तेव्हा दहा-पंधरा सेंटिमीटर वाढवून घ्या आणि शिवण्याआधी एक रात्र पाण्यात ठेवा.

मुगभजी

क्रॉफर्डमध्ये स्ट्रॉबेरी आलेली असेल, महाबळेश्वरची. डब्यात वरचा थर मोठ्या लाल फळांचा आणि खाली बोराएवढी. डबा पारदर्शक असतो, उलटा करून बघा. तळाला लाल पाणी सुटलेलं दिसलं तर नाशिकपर्यंत काही पोचत नाही. सुक्या मेव्याचा भाव "पाव"चा सांगतात, म्हणजे २५० ग्रॅमचा. किलोचा समजून खूश होऊ नका.

गल्लीबोळ

क्रॉफर्डला आणखी दोन गोष्टी. आत शिरलं की पाटीवाले मागे लागतात, सामान उचलायला. नको असेल तर एकदाच स्पष्ट "नको", हवा असेल तर भाव आधी ठरवा.

आणि आत शिरण्याआधी प्रवेशद्वाराच्या कमानींवरची कोरीव चित्रं बघायला सांगा, शेतकरी आणि बाजारकरी. ती लॉकवुड किपलिंग यांच्या हातची. शेजारच्या जे. जे. कला शाळेत ते शिकवत. रुडयार्ड किपलिंगचे वडील, हे सांगितलं की वाचनालयवाले लगेच मोबाइल काढतील. इमारत १८६९ ची, आराखडा विल्यम इमर्सन यांचा, नाव पहिल्या म्युनिसिपल कमिशनर आर्थर क्रॉफर्डचं. आता महात्मा जोतिबा फुले मंडई. टॅक्सीवाल्याला मात्र क्रॉफर्डच सांगा.

झवेरी बाजारात दुकानाच्या आतले फोटो विचारल्याशिवाय काढू नका. १९९३, २००३ आणि २०११ अशा तीनदा या भागात बॉम्बस्फोट झालेत, रखवालदार उगाच खेकसत नाहीत. रस्त्यावर बघण्यासारखं काय, तर धूळधोये. कारागिरांच्या कारखान्यांबाहेर आणि गटाराच्या कडेला ब्रशने धूळ गोळा करतात. ती पाण्यात घोळवली की हलकी माती वाहून जाते, जड कण तळाला राहतात, पुढे पारा आणि ॲसिडने त्यातलं सोनं वेगळं करतात. दुकान उघडताना ते भेटतात. साडेअकराला उशीर झालेला असेल, तरी नजर खाली ठेवा.

मोगरा

फुलगल्लीचं कुणी लिहिलंच नाही. झेंडू-शेवंती किलोवर, वेण्या-गजरे नगावर, दूर्वांची जुडी. फुलांवर पाणी मारलेलं असतं, ताजेपणासाठी आणि वजनासाठीही. मूठभर झेंडू घेऊन झटका, पाणी उडालं तर निथळून तोलायला सांगा. मोगऱ्याचा गजरा उमललेला घेऊ नये, कळ्यांचा घ्यावा, दुपारपर्यंत फुलतो. १४ जणांच्या गटाने गल्लीत उभं राहून गजरे माळू नयेत, पुढे जाऊन माळावेत. खाली देठं आणि पाणी, तेव्हा गुळगुळीत तळाच्या चपला नकोत.

डंख

लालबागची मसाला गल्ली जोडता येईल का? तिथलं कुटणं बघण्यासारखं असतं.

गल्लीबोळ

डिसेंबरात नको. मसाल्याचा हंगाम फेब्रुवारी-मार्चपासून मेअखेरपर्यंत, नवी मिरची आणि कडक ऊन दोन्ही लागतं. तेव्हा गेलात तर बेडगी रंगाला, संकेश्वरी तिखटपणाला, काश्मिरी आणखी लालीला, असं घरोघरचं प्रमाण घेऊन बायका बसलेल्या दिसतात. देठं काढून वाळवायची, गरम मसाला वेगवेगळा भाजायचा (धणे शेवटी, ते लवकर करपतात), मग डंखाखाली, म्हणजे कुटायच्या यंत्राखाली. आयडी तुमचा डंख, तुम्हालाच सांगतोय! ती वेगळी अर्धा दिवसाची फेरी.

तसंच ससून डॉक कुणी सुचवायच्या आधी सांगतो. ते पहाटे, फोटोला परवानगी लागते, आणि १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद. या फेरीला जोडू नका. मासळीच्या पाण्यात भिजलेल्या चपला घेऊन मुंबादेवीला जाता येत नाही.

चाफा

खोताच्या वाडीबद्दल एवढंच: ती राहती घरं आहेत. एकेकाळी पासष्टेक जुनी घरं होती, आता निम्म्याहून कमी. बाहेरून चढणारा लाकडी जिना दिसला की लोक त्यावर बसून फोटो काढतात. तो कुणाच्या तरी घराचा दरवाजा आहे. चार-चारच्या गटांत आत जा, दहा मिनिटांत दुसऱ्या टोकाने व्ही. पी. रोडला बाहेर या. कांदेवाडीतच केशवजी नाईक चाळ आहे, १८९३ चा मुंबईतला पहिला सार्वजनिक गणेशोत्सव तिथला. नाश्त्यानंतर लगेच ती घ्या.

मुगभजी

आणि आयडियलचे वेफर. आता उलटी दिशा घेतलीत म्हणून अडचण अशी की वेफरची फुगलेली पिशवी सकाळी नऊला हातात येते आणि मंगलदासपर्यंत चुरा होतो. पाव किलो घ्या, तिथेच चौघांत संपवा.

सातवी फेरी

स्वच्छतागृहाचं कुणी बोलत नाही. नाश्त्याच्या जागी सगळ्यांनी जाऊन घ्यायचं, इच्छा असो-नसो. त्यानंतर क्रॉफर्डपर्यंत बायकांसाठी भरवशाचं काही धरून चालू नका. साडेतीन तास होतात. म्हणून पाणी सोबत ठेवा पण घोट घोट. मधुमेही कोण आहेत ते आधी विचारा. त्यांच्यासाठी माधवबागेपाशी एक रिझर्व्ह माणूस ठेवा, टॅक्सीने पुढे न्यायला.

कोपऱ्यावरचा

मंडळी नाशिकहून पंचवटी एक्स्प्रेसने येणार का? ती पावणेअकराच्या सुमारास सीएसएमटीला पोचते. मग ८ चं सगळं बाद.

पायपीट

नाही, आदल्या रात्री दादरला मुक्काम. परत मात्र शनिवारी संध्याकाळच्या पंचवटीनेच. म्हणजे उलटी दिशा त्यासाठीही सोयीची, शेवट सीएसएमटीलाच होतो. शनिवार पक्का. सव्वासातला दादरहून चर्चगेटची धीमी लोकल, ८ ला चर्नी रोड पूर्वेला जमायचं. राहिल्या बॅगा. १४ बॅगा घेऊन भुलेश्वर शक्य नाही.

गल्लीबोळ

एकाने सकाळी टॅक्सीने बॅगा सीएसएमटीच्या क्लोकरूममध्ये टाकायच्या आणि मग नाश्त्याला यायचं. परतीचं तिकीट त्याच्याकडे हवं, तिथे दाखवावं लागतं. बॅग कुलूपबंद असेल तरच घेतात, नुसती चेन चालत नाही. १४ जणांत निदान तिघांच्या बॅगांना कुलूप नसतं, तेव्हा त्याच्या खिशात चार छोटी कुलपं जास्तीची असू द्या.